परतीचा ठेका

गेगे

आजपासून मी महालाची कानबंद. राजमातेनं भरल्या अंगणात माझं नाव घेतलं. म्हणाल्या, "लाबामलाच करा. नवरा गेल्याचा निरोप आला तेव्हा हिनं आधी चुलीवरचं भांडं उतरवलं, मग रडायला बसली. या कामाला असंच माणूस लागतं." बायका हसल्या. मला हसण्यासारखं काही दिसलं नाही. भांडं करपलं असतं.

आजवर हे काम तार्ला बाबा करायचे. पडघम वाजवणारे शेय लुकोंग त्यांचे थोरले भाऊ, पण दोघं शेजारी बसले की तार्ला बाबाच शेयचे आजोबा वाटतात. कंबर वाकलेली, दात एक उरलेला. त्यांनी मला सगळं पहिल्यापासून सांगितलं, जसं काही मी किफेममध्ये जन्मलेच नाही.

महालाच्या अंगणात ओंडका पोखरून केलेलं पडघम आहे. शेय पहाटे त्यावर चालीचा ठेका वाजवतात आणि पुढचा दिवस उगवतो. परतीचा ठेका वाजवला तर झालेला दिवसच पुन्हा उगवतो. जळलेलं कोठार उभं असतं, सांडलेलं तेल बुधल्यात असतं. ज्याच्या कानावर तो ठेका पडतो तो आदल्या पहाटेला जाऊन पोचतो आणि त्याला काही आठवत नाही. म्हणून एका माणसानं कानात मेण घालून समोर उभं राहायचं. त्याला सगळं आठवतं. त्याच्या अंगावर जे असेल तेही त्याच्याजवळ राहतं. वयसुद्धा. काय बिघडलं ते त्यानं जाऊन सांगायचं, म्हणजे दुसऱ्या खेपेला बिघडत नाही.

खूण सोपी. हात वर केला की चालीचा ठेका, हात खाली झटकला की परतीचा.

"दोन गोष्टी," बाबा म्हणाले. "खेपा मोजायच्या नाहीत. आणि शेयनं विचारलं की कितवी खेप, तर पहिलीच म्हणायचं. वाजवणाऱ्याचे हात जड झाले तर ठेका चुकतो."

"चुकला तर काय होतं?"

"मला काय ठाऊक? माझ्या वेळी चुकला नाही."

"दोघांनी कानात मेण घातलं तर चालतं?"

"चालतं की. पण कोण घालून घेईल?"

डोंगरापलीकडून येणारे हौसा व्यापारी म्हणतात, त्यांच्याकडे दिवस आपोआप उगवतो, कुणी काही वाजवावं लागत नाही. आमची लहान मुलंसुद्धा यावर हसतात. ही वही त्यांच्याकडूनच घेतली. वर त्या दिवसाच्या वाराचं नाव घालून लिहिणार आणि कमरेला बांधून ठेवणार आहे.

न्सेरी

पहिली परती झाली. किरकोळ होती. बाजारात मिठाच्या मांडवाचं छप्पर कोसळून तिघी बायकांना लागलं. संध्याकाळी महालातून हुकूम आला, पहाटे मी हात झटकला.

मेणातून काहीच ऐकू येत नाही. शेयचे हात हलताना दिसतात आणि जमीन पायाखाली थोडी थरथरते. मग धुकं कालच्याच जागी असतं.

मी बाजारात जाऊन त्या तिघींना मांडवातून उठवलं. सकाळभर उन्हात बसवलं म्हणून त्यांनी मला यथेच्छ शिव्या दिल्या. दुपारी छप्पर पडलं तेव्हा खाली कुणी नव्हतं. त्यामुळे आभार मानायचं कुणाच्या मनातही आलं नाही. माझा भाऊ फोंकानं कोंबडीचा तोच विनोद त्याच जागी उभं राहून पुन्हा सांगितला. मी पुन्हा हसले. हे काम मला जमेल असं वाटतं.

न्गोइलुम

काही विशेष नाही. दुपारी फोंकाच्या बायकोनं, बोंगलानं, माझ्या वेण्या घातल्या. तिचे दिवस भरलेत. पोट एवढं पुढे आलंय की माझ्या डोक्यापर्यंत हात पोचवायला तिला वाकडं बसावं लागत होतं.

"ताई, मुलगी झाली तर एकच मागणं आहे. तुमच्यासारखी मुकी नको."

"माझ्यासारखी झाली तर तुला झोप मिळेल."

"झोप काय करायचीय? घरात आवाज हवा. दोन वेळा नुसतं शांत झालं ना सगळं."

याआधी दोनदा तिचा गर्भ राहिला नाही, त्याबद्दल ती म्हणत होती. वेणी फार घट्ट घालतेयस, एवढंच मी म्हटलं.

वाइलुन

पडघम वाजण्याच्या थोडं आधी बोंगलाच्या कळा सुरू झाल्या. मी महालात होते, मला उजाडल्यावर कळलं.

राजा सकाळी टेकडीवर पूर्वजांच्या देवळीत जाऊन आला. दुपारी उंबराखाली बसून त्यानं म्बांगा आणि केवीर या शेजाऱ्यांचा बकरीवरून चाललेला तंटा ऐकला. बकरी म्बांगाला दिली. केवीर म्हणाला, "मग तिनं माझे खाल्लेले वालही म्बांगाच्या पोटातून काढून द्या." राजा पोट धरून हसला. मग माडी घेतली. सूर्य डोंगराला टेकला तेव्हा त्यानं छातीला हात लावला आणि आडवा झाला. पुढचं फार पटकन झालं. तो काही म्हातारा नव्हता.

आमच्याकडे राजा गेला म्हणत नाहीत. राजा हरवला म्हणतात.

राजमाता त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसल्या होत्या. मला जवळ बोलावलं. "परत," एवढंच म्हणाल्या. त्यांचा हा एकुलता एक मुलगा.

घरी जाऊन आले. सुईण न्तानी म्हणते मूल आडवं आलंय. "उद्या ऊन अंगणात येईपर्यंत काय ते कळेल. आई राहील, मूल राहील, का दोन्ही, का काहीच नाही. मला आत्ता विचारू नका." बोंगला ओरडतेय, आणि मधेच फोंकाला शिव्या देतेय. तोंड शाबूत आहे.

वाइलुन

पहाटे मेण घालण्याआधी शेय लुकोंगनी विचारलं, "पहिलीच ना?"

"पहिलीच."

खरंच पहिली होती.

राजमातेला उजाडताच सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि कामाला लागल्या. राजाला टेकडीवर जाऊ दिलं नाही. खालच्या वस्तीतला वैद्य सकाळीच आणून बसवला. त्यानं मुळ्या उगाळल्या, छातीला लेप दिला. माडी बंद. तंटा मात्र राजानं ऐकलाच. केवीर तेच म्हणाला, राजा तसाच हसला. सूर्य डोंगराला टेकला तेव्हा छातीला हात.

"परत," राजमाता म्हणाल्या.

बोंगलाकडे गेले. मूल आडवं. ती मला म्हणाली, "ताई, कालच घातलेल्या वेण्या एवढ्यात सुटायला लागल्या?" मी म्हटलं, हवा दमट आहे.

वाइलुन

आज राजाला दिवसभर झोपवून ठेवलं. तंटा नाही, बोलणं नाही, अंधारी खोली. तो सारखा विचारत होता, मला झालंय काय? संध्याकाळी व्हायचं ते झालं.

राजमातेनं सकाळी बातमी ऐकताना माझ्या डोक्याकडे पाहिलं, मग पायांकडे. माझ्या टाचांना भेगा पडल्यात. "खाल्लंस का?" म्हणून विचारलं आणि स्वतःच्या ताटातलं मक्याच्या पिठाचं फुफू नि पालेभाजी माझ्यापुढे सरकवली. राजघराण्याची रीत असावी. कालही विचारलं होतं. म्हणजे कालच्या आजला.

वाइलुन

प्रत्येक खेप लिहायचं सोडलंय. आज दुसरा वैद्य. उपयोग नाही.

वाइलुन

पूर्वजांना काळा बोकड दिला. उपयोग नाही. राजमाता बोकडाकडे बघत नव्हत्या, माझ्याकडे बघत होत्या. त्यांनी एकदाही विचारलं नाही की ही कितवी खेप. विचारलं तर मला खरं सांगावं लागेल, शेयला सांगते तसं खोटं राजमातेला चालत नाही. पण विचारत नाहीत. कदाचित त्यांच्या लक्षात येत नसेल.

मला वाटतं राजमातेला दोष देता येणार नाही. त्यांचं दुःख रोज कोरं असतं. दर संध्याकाळी त्यांचा मुलगा पहिल्यांदाच जातो. पहिल्या दिवशी कोण आई पुरे म्हणेल?

मी फक्त हुकूम पाळते. हात माझा असला तरी.

वाइलुन

आजकाल महालात सांगून झालं की मी दिवसभर बोंगलाजवळ असते. तिथं माझं काम काही नाही. पाणी तापवते, पाठ चोळते. न्तानी सुईण मला पाहून रोज दचकते. "अगं लाबाम, काल तर तुझे केस काळे होते! एका रात्रीत राख सांडली का डोक्यावर?" मी म्हणते, हो, चूल फुंकताना. ती म्हणते, मग धू. रोज एवढंच बोलणं होतं आणि मला ते आवडायला लागलंय.

मी विचार करून पाहिला. बोंगलाला आठवत नाही, म्हणजे तिच्या दृष्टीनं ती एकच दिवस कळा देतेय. कुणी तिला विचारलं तर ती एकच दिवस म्हणेल. त्यामुळे तिच्यावर अन्याय होतोय असं म्हणता येत नाही. हिशेब बरोबर आहे, मी दोनदा पडताळला.

आज तिनं माझं मनगट धरून विचारलं, "ताई, किती वेळ झाला गं हे? मला वाटतं मी जन्मापासून हेच करतेय."

न्तानी म्हणाली, "सगळ्याच म्हणतात असं."

सगळ्याच म्हणत असतील.

वाइलुन

आज वेगळं करून पाहिलं. राजमातेला न सांगता थेट राजाला सांगितलं. रीतीप्रमाणे तीन टाळ्या वाजवून, ओंजळ तोंडाशी धरून म्हटलं, महाराज, आपण आज संध्याकाळी हरवणार आहात.

तो न्याहारीला बसला होता. भाजलेलं केळं हातात तसंच राहिलं.

"कसा?"

"छातीनं."

"दुखतं?"

"फार वेळ नाही."

"आईला ठाऊक आहे?"

"दर खेपेला सकाळी सांगते. आज नाही सांगितलं."

त्यानं केळं खाली ठेवलं. "आणि काय काय होतं आज? ती बकरी कुणाला देतो मी?"

"म्बांगाला."

"चुकतं का?"

"महाराज, केवीरला दिली असती तरी ते भांडलेच असते."

तो थोडा हसला. मग अंगणात जाऊन बसला. तंटा ऐकायला घेतला, पण केवीरनं वालाचं म्हटलं तेव्हा त्याचं लक्ष सूर्याकडे होतं. सारखा सावली बघत होता. त्याची मुलं पाया पडायला आली तर त्यानं ती इतकी घट्ट धरली की धाकटं रडायला लागलं. दुपार उतरताना मला बोलावलं.

"लाबाम, पुढच्या खेपेला मला सांगू नकोस."

"का महाराज?"

"आज ऊन चांगलं पडलं होतं. मला त्याची काही मजाच आली नाही."

रात्री म्हणे राजमाता फार रडल्या, सांगितलं का नाहीस म्हणून. मी तेव्हा बोंगलाकडे होते. परतीचा हुकूम दासीकडून आला.

वाइलुन

बोंगलाचा आवाज बसतो तो संध्याकाळी. सकाळी पुन्हा नवा असतो. मला आता सबंध दिवसाचं ओरडणं क्रमानं पाठ आहे. कुठल्या ओरडण्यानंतर पाणी मागते, कुठल्या ओरडण्यानंतर आईचं नाव घेते. आज मी पाण्याचा तुंबा ती मागायच्या आधीच पुढे केला. ती माझ्याकडे बघतच राहिली. "तुम्हाला कसं कळलं?" म्हणाली, आणि रडायला लागली. दुखण्यानं असेल.

फोंका कुंपणाशी बसून असतो. आज म्हणाला, "अक्का, उद्या सगळं नीट होईल ना?"

उद्या. हा शब्द बऱ्याच दिवसांनी ऐकल्यासारखा वाटला. वास्तविक तो रोजच म्हणत असेल, माझं लक्ष नसेल.

न्तानी म्हणतेय ते खरं असलं तर उद्या ऊन अंगणात येईपर्यंत बोंगला असेल किंवा नसेल. आज तरी ती आहे. ही गोष्ट मी नुसती नोंदून ठेवते.

वाइलुन

आज संध्याकाळी महालात गेले. राजमातेच्या मांडीवर त्याचं डोकं होतं. त्या "परत" म्हणाल्या. मी जायला हवं होतं, पण तिथंच उभी राहिले. का ते मला माहीत नाही. आज बोंगलानं नेहमीपेक्षा वेगळं काही केलं नव्हतं.

"काय आहे?" त्यांनी विचारलं.

"आई, वस्तीत एक बाई अडलीय. पहाटेपासून."

"कुठली बाई?"

"माझ्या भावाची. परती झाली की तिच्या कळा पुन्हा पहिल्यापासून सुरू होतात."

"तिला आठवतं?"

"नाही."

"मग?"

"मला आठवतं."

दासी एकमेकींकडे बघायला लागल्या. राजमातेनं त्यांना बाहेर काढलं. किती वेळ त्या आपल्या मुलाच्या कपाळावरून हात फिरवत होत्या. मग म्हणाल्या, "तू रोज मला येऊन सांगतेस. मी रोज काय म्हणते?"

"परत म्हणता."

"आणि पुढचं विचारत नाही."

"नाही विचारत."

"मला डोळे आहेत, लाबाम. तू सकाळी दारात उभी राहतेस तेव्हा मला दिसतं." त्यांनी माझ्या केसांकडे बोट केलं. "काल संध्याकाळी हे काळे होते. आज सकाळी पांढरे. मी कशाला विचारू?"

मी पदर केसांवर ओढला.

"एक खेप दे मला," त्या म्हणाल्या. "मला मेण दे. एकदा मला ठाऊक असताना बघू दे त्याला. नंतरचं मी बघते."

मी नाही म्हणू शकले असते. आणखी एक दिवस बोंगलाच्या अंगावर पडणार होता. पण हो म्हणाले. आणि लगेच मला हलकं वाटलं, ते का ते कळत नाही. दुःखाच्या जागी हलकं वाटणं बरं नव्हे.

वाइलुन

पहाटे राजमाता माझ्याशेजारी उभ्या राहिल्या. मेण घालताना म्हणाल्या, "गार आहे गं." शेय लुकोंगनी आम्हा दोघींना पाहिलं आणि आज काही विचारलं नाही. मी हात झटकला.

धुकं पुन्हा जागच्या जागी आलं तेव्हा त्यांनी कानातून मेण काढलं, आणि आतल्या घरातून राजाच्या खोकण्याचा आवाज आला. त्या भिंतीला धरून खाली बसल्या. नंतर उठल्या, लुगडं झटकलं आणि सरळ स्वैपाकघरात गेल्या.

राजमाता चुलीपुढे बसलेल्या मी कधी पाहिल्या नाहीत, कुणीच पाहिल्या नसतील. त्यांनी स्वतः मक्याचं पीठ घोटलं, भोपळ्याच्या बियांची आमटी केली. आचारीण घाबरून दाराशी उभी. राजा जेवायला बसला आणि एक घास खाऊन थांबला.

"आई, हे तू केलंस?"

"हो."

"पीठ कच्चं आहे."

"माहीत आहे. खा."

"आज काय विशेष?"

"वाइलुन आहे," त्या म्हणाल्या.

त्यानं सगळं खाल्लं. त्याला काही सांगायचं नाही, हे मी त्यांना आधीच सांगितलं होतं. उन्हाचं जे तो बोलला होता, तेही. टेकडीवर त्याला जाऊ दिलं, माडी पिऊ दिली. दुपारी उंबराखाली त्या त्याच्या मागे बसल्या. केवीर तोंड उघडायच्या आधीच त्यांना हसू आलं, मीच त्यांना तो प्रसंग सांगितलेला. राजानं मागे वळून पाहिलं, आणि आई हसतेय म्हणून तो आणखीच हसला. म्बांगा म्हणाला, "हसा, हसा. बकरी माझी गेली असती तर कुणी हसलं नसतं."

ऊन कलायच्या बेताला त्या मला म्हणाल्या, "आता ती बाई दाखव."

न्तानी सुईणीनं दारात राजमातेला पाहिलं आणि तिच्या हातातलं मडकं फुटलं. राजमाता बोंगलाच्या मागे जाऊन भिंतीला पाठ लावून बसल्या आणि तिला आपल्या छातीवर रेलून घेतलं. बोंगलाचे डोळे मिटलेले. कळ ओसरल्यावर म्हणाली, "कोण गं ही मागे? हाडं टोचतायत म्हातारीची!"

"बोंगला!" न्तानी किंचाळली.

"टोचू देत," राजमाता म्हणाल्या. "तू जोर लाव."

मी पाठ असलेल्या क्रमानं पाणी पुढे करत होते. राजमाता ते बघत होत्या. एकदा बोंगलानं त्यांचा हात इतका दाबला की त्यांची बोटं पांढरी पडली. त्यांनी तो सोडवला नाही. सूर्य डोंगराकडे निघाला तेव्हा मी म्हटलं, आई, वेळ झाली. त्यांनी बोंगलाला हळूच माझ्या अंगावर दिलं आणि गेल्या. अंगणापर्यंत चालत, पुढे धावत. त्या वयाची बाई धावताना बघणं कठीण असतं.

रात्री निरोप आला नाही. त्या स्वतः आल्या. कुंपणाबाहेरूनच म्हणाल्या, "चालीचा."

न्तांग्रिन

आज वार वेगळा लिहितेय. आधी वाइलुनच लिहिलं होतं, ते खोडलं.

पहाटेचं आधी लिहिते. आम्ही दोघी पुन्हा पडघमापुढे उभ्या होतो. राजमाता मेण न घालता. शेय लुकोंग टिपऱ्या घेऊन माझ्या हाताकडे बघत होते. मी हात वर करायचा होता.

माझा हात वर गेला नाही. मी त्याला सांगत होते, तो जात नव्हता. वस्तीकडून बोंगलाचं ओरडणं ऐकू येत होतं, बसलेल्या आवाजातलं. त्यापुढचं ओरडणं मला पाठ नव्हतं. तिथून पुढे काय आहे ते मला ठाऊकच नव्हतं.

शेय वाट बघत होते. पूर्वेला उजाडायचं थांबलं होतं.

राजमाता अगदी हळू म्हणाल्या, "लाबाम. मी म्हणत होते तेव्हा तुझा हात कसा झटकन खाली जायचा."

"तो हुकूम होता, आई."

"हो. हुकूम माझा होता. तुला काय वाटतं, एकट्या माझ्यासाठीच पाळत होतीस?"

त्यांना काय म्हणायचं होतं ते मला अजून नीट समजलेलं नाही. पण मला राग आला. एवढा राग मला नवरा गेला तेव्हाही आला नव्हता. आणि त्या रागातच हात वर गेला. शेयनी चालीचा ठेका धरला. आज कानात मेण घातलं नव्हतं, त्यामुळे तो सबंध ऐकू आला. लहानपणापासून रोज ऐकलेला. इतका साधा असेल असं लक्षात नव्हतं.

मी तिथून पळाले. राजमातेकडे वळून पाहिलंही नाही.

ऊन अंगणात आलं, उंबऱ्यापर्यंत आलं, तरी काही नाही. न्तानीचे दोन्ही हात कोपरापर्यंत माखलेले. ती पुटपुटत होती, वळ गं बये, वळ. मग म्हणाली, "वळलं!" आणि त्यानंतर सगळं इतक्या घाईत झालं की मला क्रम सांगता येत नाही. मुलगी. निळी पडलेली, गळ्याला नाळेचा वेढा. न्तानीनं वेढा सोडवला, तिला उलटं धरलं, पाठीवर मारलं. काही नाही. आणखी मारलं. फोंका दाराशी मटकन बसला.

मग ती ओरडली. ओरडली ती थांबेचना.

बोंगलाचं रक्त दुपारपर्यंत चालू होतं. दोनदा तिचे डोळे फिरले. मी तिच्या पायाशी बसून होते आणि पुढच्या घडीला काय होणार ते मला माहीत नव्हतं. इतके दिवस महालात राजा हरवत असताना ते नेहमी माहीत असायचं. तिसऱ्या प्रहरी रक्त थांबलं. संध्याकाळी तिनं कोंबडीचं पाणी मागितलं, आणि त्यात मीठ कमी आहे म्हणाली.

त्याच वेळी टेकडीवरून शिंग वाजलं. राजा हरवल्याचं सगळ्या किफेमला कळलं. वस्तीभर रडणं सुरू झालं. आमच्या घरात मुलगी रडत होती, कुणाला वेगळं ओळखू आलं नसतं.

कावी

शोकाचे दिवस. शेतात जायचं नाही, केस राखायचे नाहीत. माझेही काढले. न्तानी म्हणाली, बरं झालं, राख गेली एकदाची.

आज बायका मुलगी बघायला आल्या होत्या. राजमाताही आल्या. डोकं भादरलेलं, अंगावर राखाडी वस्त्र. सगळ्या उठून टाळ्या वाजवायला लागल्या, त्यांनी हातानंच बसवलं आणि चुलीजवळच्या लाकडी बैठकीवर माझ्या शेजारी टेकल्या.

बोंगला भिंतीला टेकून बसली होती, मांडीवर मुलगी. रंग अजून फिका, पण तोंड पूर्ववत. शेजारची गरोदर पोरगी यिला घाबरत घाबरत विचारत होती, फार दुखतं का, फार वेळ लागतो का.

"अगं, बायका उगाच घाबरवतात," बोंगला म्हणाली. "माझं तर मूल आडवं होतं, विचार न्तानीला. तरी काय? वाइलुनला पहाटे सुरू झालं, न्तांग्रिनला मोकळी. एक दिवस नि एक रात्र. एवढं काय त्यात? एक दिवस कुणीही सोसेल."

बायकांनी माना डोलावल्या. यिलाच्या चेहऱ्यावर जरा रंग आला.

राजमातेनं माझ्याकडे पाहिलं नाही, मी त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्यांचा हात बैठकीवर माझ्या हाताशेजारी होता, तो त्यांनी माझ्या हातावर ठेवला. बोटं अजून सुजलेली होती.

"काय हो ताई," बोंगला मला म्हणाली, "तुम्ही तर पूर्ण वेळ होतात इथं. सांगा की हिला. एकच दिवस ना?"

"एकच दिवस," मी म्हटलं.